बोलणं वेगळं, संगीत वेगळं

ट्रान्समीटरच्या खोलीत शिरल्यावर सर आधी मीटरकडे बघत नसत. पोराचा ताप बघावा तसा त्या कपाटाएवढ्या यंत्राच्या पत्र्यावर तळहात टेकवायचे आणि म्हणायचे, "ठीक आहे. यल्ला, करा सुरू." मीटर त्यानंतर. तुमच्याही ऑफिसात असं एखादं माणूस असेल. त्याच्या सवयीला सगळे हसतात, पण एखाद्या दिवशी ती दिसली नाही तर कुणालाच चैन पडत नाही.

अमिरातीतल्या अल ऐन शहरातलं आमचं टीव्ही स्टेशन एवढंसं. कमी ताकदीचं, शहरापुरतं. डोंगराच्या पायथ्याशी पोचेपर्यंत सिग्नल दमायचा. मालक इथलेच एक वयस्क गृहस्थ, त्यांना सगळे अरबाब म्हणत. शहरातल्या बातम्या, खजुराच्या बाजाराची खबर, शाळांची संमेलनं, आणि रविवारी सकाळी अर्धा तास मराठी. तो अर्धा तास माझा. सर तिथले सर्वांत जुने इंजिनिअर, मूळचे साताऱ्याचे. ऑफिसात सर, घरी गेलं की काका.

घरी काकू. त्यांना ऐकू येणं कमी कमी होत गेलं होतं. कानात यंत्र घातलं की टीव्हीवरचं बोलणं आणि मागचं संगीत यांचा एकच गलका व्हायचा, म्हणून ते यंत्र ड्रॉवरमध्ये पडून होतं. मग काका त्यांच्या शेजारी बसून टीव्हीवरचं प्रत्येक वाक्य त्यांच्या कानाशी मोठ्यांदा म्हणायचे. ते वाक्य संपेपर्यंत पुढचं निघून जायचं.

"अहो, मध्ये बोलू नका ना!" काकू चिडायच्या. "आधीच मला ऐकू येत नाही."

मी तिथे बसून पोट धरून हसले आहे. काकाही हसायचे. नंतर नंतर काकू टीव्हीचा आवाज बंदच ठेवू लागल्या आणि नुसती चित्रं बघू लागल्या. तेव्हापासून काका त्या विषयावर हसेनासे झाले.

अरबाबांनी नवं डिजिटल प्रसारण घ्यायचं ठरवलं तेव्हा आम्ही सगळे चित्र किती स्वच्छ दिसेल यावर बोलत होतो. सरांनी त्यातलं एकच धरलं. नव्या पद्धतीत बोलणं आणि संगीत वेगवेगळं पाठवता येतं. घरी रिमोटवर बोलणं मोठं करायचं, संगीत बारीक. अट एवढीच, की आमच्याकडे रेकॉर्डिंग करतानाच दोन्ही वेगळं ठेवलं पाहिजे.

आणि आमची खोड नेमकी उलटी. मी नुसती "नमस्कार" म्हणाले तरी मागे सतार हवी. सर स्टुडिओच्या दारात येऊन उभे राहायचे.

"मॅडम, सतार वेगळी रेकॉर्ड करा."

"सर, डबल काम होतं. आणि संगीताशिवाय कार्यक्रम म्हणजे अळणी वरण."

"मग मीठ पानात वेगळं वाढा ना. डावीकडे, वर. ज्याला जेवढं हवं तेवढं तो घेईल."

मी दोनदा रेकॉर्डिंग करू लागले. कुरकुर चालूच होती, पण करत होते.

सरांचं वय झालं होतं. पुण्याहून मुलाचा फोन यायचा, "बाबा, बस झालं आता, या परत." सर म्हणायचे, "येतो रे. तिला एकदा नीट ऐकू येऊ दे. मग खलास, निघालोच." अरबाबांनी त्यांच्यासाठी व्हिसा वाढवून घेतला. नवा ट्रान्समीटर आला, बसला. प्रसारणाची परवानगी तेवढी यायची होती.

मी एकदा म्हटलं, "सर, काकूंना इथे घेऊन या. वायरीवरून ऐकवता येईल की आत्ताही."

"नको," ते म्हणाले. "इथे खुर्चीत बसवून 'ऐकू आलं का, ऐकू आलं का' विचारायचं? परीक्षेला बसल्यासारखं होईल तिला. घरी, तिच्या सोफ्यावर, शेंगा सोलता सोलता ऐकू दे. परवानगी येईल, इन्शाल्ला."

परवानगी आली. पण त्याआधीच एका दुपारी जेवण झाल्यावर सरांच्या छातीत कळ आली, आणि हॉस्पिटलात पोचेपर्यंत सगळं संपलं होतं. अरबाबांनी स्वतः धावपळ करून त्यांना साताऱ्याला पाठवलं. दिवसकार्य झाल्यावर काकू घर आवरायला मुलाबरोबर परत आल्या.

नवं प्रसारण सुरू झालं त्या पहिल्या रविवारी मी स्टेशनातून नवा बॉक्स घेऊन त्यांच्याकडे गेले. मुलगा सामानाच्या गाडीचं ठरवायला बाहेर गेला होता. घरभर खोकी. टीव्ही अजून भिंतीवर होता. मी बॉक्स जोडला, काकूंना खुणेनंच यंत्र कानात घालायला सांगितलं आणि रिमोटवर संगीत पार खाली आणलं.

पडद्यावर मी बोलत होते. इथल्या शाळेतल्या मुलांनी हळदीकुंकवाला वाण म्हणून रोपं वाटली, अशी साधी बातमी.

काकू जागच्या जागी थांबल्या. हातातली घडी घातलेली चादर तशीच छातीशी धरलेली. "रोपं वाटली," त्या पुटपुटल्या. "पोरांनी रोपं वाटली म्हणतेस तू." त्यांचा चेहरा इतका उजळला, की तसा मी तो कधीच पाहिला नव्हता. आणि त्या एकदम आतल्या खोलीकडे वळल्या.

"अहो! अहो, लवकर या इकडे. मला ऐकू येतंय!"

काकू दाराकडे बघत राहिल्या. उत्तर ऐकू न येण्याची त्यांना सवय होती, म्हणून त्या थोडा वेळ वाट बघत उभ्या राहिल्या.

माझ्याच्यानं ते बघवेना. मी टीव्ही बंद करायला रिमोट उचलला, तर त्यांनी माझा हात धरला.

"राहू दे," त्या म्हणाल्या आणि सोफ्याच्या एका टोकाला, शेजारची जागा मोकळी ठेवून बसल्या.