खाडाखोड केलेली निनावी पत्रं

महाल पेठेतल्या त्या घरातला पोरगा मी अजून विसरलो नाही. इंग्रजी अमदानीतली गोष्ट. मी चौथी नापास, पण शिपायाचा थानेदार झालो तो स्वतःच्या अकलेवर, हे आधीच सांगून ठेवतो.

ठाण्यात निनावी पत्र आलं. एका नावाजलेल्या लेखकाला त्याचाच मुलगा जेवणातून धोतरा देतो, असा मजकूर. मुलगा कचेरीत कारकून. पंच घेऊन घराची झडती घेतली, काही मिळालं नाही. तरी मुलाला ठाण्यात आणून बसवलं. पत्र दाखवलं. त्यानं पाहिलं आणि मान खाली घातली.

"काहून गा, बापाच्या ताटात काय घालून राहिला?"

गप्प. दोन थपडा दिल्या.

"मारा साहेब," एवढंच बोलला.

गप्प बसतो तो गुन्हेगार, हे मी शिपायांना नेहमी शिकवायचो. रात्रभर ठेवून घेतला.

सकाळी दुसरं पत्र आलं. ठाण्याचा मुन्शी वाचताना अडखळू लागला.

"नीट वाच ना गा!"

"काय वाचू साहेब? 'पापी' लिहिलं, खोडलं. 'कृतघ्न' लिहिलं, तेही खोडलं. मग 'करंटा' ठेवलं."

मी पुष्कळ चुगल्या पाहिल्या. चुगलखोर घाईत असतो, शब्द घोटत बसत नाही. ज्याचा तो धंदाच आहे, तोच बसतो.

"हे तुह्या बापाचं अक्षर आहे," मी पोराला म्हटलं.

तो रडायलाच लागला. "कालच ओळखलं साहेब. वर्ष झालं, बाबाचं डोकं ठिकाणावर नाही."

"मग सांगितलं काहून नाही?"

"तुमी त्याईले पागलखान्यात धाडलं असतं. मी ठाण्यातून घरी जाईन, ते तिथून परत येतील काय? आता सोडा साहेब. मी पहिला घास खाऊन दाखवल्याशिवाय ते जेवत नाहीत. कालपासून उपाशी असतील."

मी स्वतः त्याला घरी नेलं. त्याची आई झाकलेलं ताट घेऊन दारातच बसली होती. पोरानं एक घास खाल्ला, मग म्हातारा जेवला. जेवता जेवता मला विचारतो, "पत्र पोचलं? शेवट बरा उतरला काय?"

"उत्तम उतरला," मी म्हटलं. "पण आता टपालात टाकू नका. दर सोमवारी मीच घ्यायला येतो."

डायरीत लिहिलं, 'तक्रार खोटी, लिहिणारा सापडला नाही.' म्हातारा जाईस्तोवर एक सोमवार चुकवला नाही.

पोराची माफी मी मागितली नाही, तो माझा स्वभाव नाही. पण 'गप्प बसतो तो गुन्हेगार' हे शिपायांना शिकवणं त्या दिवसापासून बंद केलं.