सातवी खुर्ची

बाल्टिमोरमध्ये पुलांचे आराखडे काढणाऱ्या एका ऑफिसात हेमचंद्रराव देवस्थळी चौदा वर्षं आपल्याच टेबलावर डबा खात होते. कोणी हाकललं नव्हतं, कोणी बोलावलंही नव्हतं. लंचरूममधल्या गोल टेबलावर बेसबॉलच्या गप्पा चालायच्या, आणि बॉल कुठे गेला की लोक ओरडतात, एवढंही हेमचंद्ररावांना कळत नसे.

अठ्ठ्याऐंशीच्या एप्रिलमध्ये त्यांचं नशीब उघडलं. गावची टीम, ओरिओल्स, सीझनच्या पहिल्या दिवसापासून हरायला लागली ती थांबेचना. दहा मॅच गेल्या, बारा गेल्या. गोल टेबलावर टीमचं रोज नवं बारसं. 'झीरोज' तर सगळं शहरच म्हणत होतं. कॉफी घ्यायला गेलेले हेमचंद्रराव सहज बोलून गेले, "मी तर त्यांना धर्मादाय संस्था म्हणतो. दारात येईल त्याला देतात."

टेबल हादरलं. मुख्य ड्राफ्ट्समन, म्हातारा फ्रँक, डोळे पुसत म्हणाला, "हेम, खुर्ची ओढ. बस इथे."

त्या टेबलाची ती सातवी खुर्ची. हेमचंद्रराव मूळचे बार्शीचे. त्यांच्या आळीत खऱ्या नावाने फक्त पोस्टमन हाक मारायचा. त्यांचे वडील गणिताचे मास्तर, क्षणात भडकायचे, म्हणून अख्खी आळी त्यांना तोंडावर 'घासलेट' म्हणायची आणि तेही हसायचे. असा वारसा असल्यावर काय! रोज एक नवं नाव घेऊन हेमचंद्रराव लंचला हजर. फ्रँकने त्यांच्या डब्यातलं लिंबाचं लोणचं चाखलं, तोंड वेडंवाकडं केलं आणि पुन्हा हात पुढे केला.

"अहो, एक तरी मॅच बघा," घरी पत्नी विनीताबाई म्हणाल्या. "कोणाची चेष्टा करताय ते तरी कळेल."

"चेष्टेला काय लागतं गं? रोज हरतात, एवढं पुरे."

एकवीस मॅच हरून टीम एका शुक्रवारी शिकागोत जिंकली. सोमवारी संध्याकाळी घरच्या मैदानावर मॅच होती. शनिवार-रविवार डोकं खाजवून हेमचंद्ररावांनी सोमवारसाठी एक खास नाव तयार केलं.

लंचला फ्रँक पाकिटातून तिकिटं वाटत होता. हेमचंद्रराव बसता बसताच म्हणाले, "मग, आज 'अपघात' घरी येतोय म्हणे? एकवीसदा नीट हरले, एकदा चुकून जिंकले!"

कोणी हसलं नाही. एकाने सँडविच उघडून आत काय आहे ते पाहिलं.

"हेम," फ्रँक हळूच म्हणाला, "आज आपल्याकडून पिचर कोण आहे?"

पिचर म्हणजे बॉल टाकणारा, एवढंच हेमचंद्ररावांना माहीत होतं.

"कालचा सांग. कुठलाही एक सांग."

"मी... मॅच बघत नाही, फ्रँक."

"माझा बाप मला हाताला धरून मॅचला न्यायचा," फ्रँक म्हणाला आणि उरलेलं तिकीट शर्टाच्या खिशात ठेवू लागला. तिकिटाच्या मागे पेन्सिलने 'हेम' लिहिलेलं होतं.

गाडीतून घरी जाताना हेमचंद्ररावांना बार्शीच्या आळीतला एक कारकून आठवला. बदलीवर आलेला, तिसऱ्याच आठवड्यात सगळ्यांबरोबर हसत मास्तरांना 'घासलेट' म्हणाला. आळीने त्याला वर्षभर चहा विचारला नाही. त्याच्या सायकलची हवा तर खुद्द हेमचंद्रने सोडली होती.

संध्याकाळी ते टीव्हीसमोर बसले. पन्नास हजार माणसं आली होती आणि उभी राहून टाळ्या वाजवत होती.

"एवढं हरून?" विनीताबाईंनी विचारलं.

खेळाडूंची नावं पडद्यावर येतील तशी हेमचंद्रराव एका कागदावर उतरवून घेत होते.

मंगळवारी डबा आणि खिशातला कागद घेऊन ते लंचरूमच्या दारापर्यंत गेले. आत कालच्या मॅचची धमाल चालली होती. टेबलाभोवती सहा खुर्च्या होत्या. सातवी भिंतीला टेकवलेली, तिच्यावर नकाशांच्या गुंडाळ्या.

कोणी हाकललं नाही. हेमचंद्रराव आपल्या टेबलावर परत आले आणि पोळी-भाजी खाल्ली. लोणच्याची डबी त्यांनी उघडलीच नाही.