निजाबाची हद्द

वडूजच्या पुढे रस्ता वळतो तिथे निजाबाचा डोंगर दिसू लागतो. त्याचा रंग बारा महिने राखेसारखा असतो. वर देऊळ नाही, पायवाट नाही. देव आत झोपला आहे असं गाव मानतं, आणि पायथ्यावरून जाताना जीपवाले हॉर्न वाजवत नाहीत.

मार्गशीर्ष अमावस्येच्या संध्याकाळी डोंगराची सावली गावात उतरते. ती सूर्याचं ऐकत नाही. एखाद्या वर्षी ओढ्यापाशीच थांबते, एखाद्या वर्षी घरांमधून शिरते. ती जिथवर येईल तिथवर देवाची हद्द. तिथे पुढच्या मार्गशीर्ष अमावस्येपर्यंत कुणी झोपायचं नाही. त्या संध्याकाळी गाव दुसऱ्या टोकाच्या शाळेत जाऊन बसतं आणि अंजनाकाकी एकट्याच घमेलं घेऊन सावलीच्या कडेनं पांढऱ्या फक्कीची रेघ टाकत जातात, कबड्डीच्या मैदानावर टाकतात तशी. हे काम त्यांच्या सासूनं त्यांना दिलं.

एरवी काकी चारचौघींसारख्याच. डेअरीला दूध घालणाऱ्या, सीमेवरच्या लेकाशी फोनवर गल्लीला ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं बोलणाऱ्या. मार्गशीर्ष लागला की मात्र शेजारणी त्यांच्याशी जरा जास्तच गोड बोलतात. कुणी लोणचं आणून देतं, कुणी म्हशीला कडबा. काकी ते घेत नाहीत.

काही वर्षांपूर्वी रेघ आप्पासोच्या घरातून गेली. आप्पासो ट्रक चालवायचा, बोलायला मोकळा. "काकी, देवाला सांगा," तो म्हणाला, "माझ्या घोरण्यानं तूच उठशील म्हणावं." आणि घरातच झोपला. तो अजून उठलेला नाही. साताऱ्याला नेलं, सगळ्या तपासण्या झाल्या, दोष काही सापडला नाही. श्वास चालतो, दाढी वाढते. त्याची बायको सुरेखा त्याला घेऊन शाळेजवळच्या खोलीत राहायला गेली. रोज त्याची कूस बदलते, नखं कापते. तिच्यापाशी कुणी काकींना बोल लावला तर म्हणायची, त्यांचा हात सरळ आहे.

यंदा काकींचा मुलगा पृथ्वीराज फौजेतून निवृत्त होऊन येणार होता. त्यासाठी त्यानं ओढ्याच्या अलीकडे घर बांधलं. सावली तिथवर कधीच आली नाही, असं काकींनीच त्याला छातीठोक सांगितलं होतं. सून क्रांती बाळंतीण, म्हणून ती शाळेत गेली नाही. तान्ह्या पोरीला घेऊन नव्या घरातच राहिली.

त्या संध्याकाळी सावली ओढा ओलांडून आली. काकी तिच्या कडेनं फक्की टाकत होत्या. समोर घर आलं तेव्हा सावली उंबऱ्यावर चढलेली होती. आतून पोरीचं रडणं ऐकू येत होतं, मग तेही थांबलं.

काकींचा हात थांबला. मग त्या उंबरा सोडून मागे वळल्या आणि घर हद्दीबाहेर राहील अशी, ओढ्याच्या बाजूनं, भर सावलीतून, घराला वळसा घालून त्यांनी फक्की टाकली.

ओल सुकावी तशी सावली उंबऱ्यावरून उतरली आणि रेघेपर्यंत मागे गेली. आत पोर पुन्हा रडू लागली. काकींनी मान वर केली. इथून सरकलेली सावली पलीकडून रस्त्यानं पुढे चालली होती, जिभेसारखी लांब, शाळेच्या दिशेनं.

त्या धावल्या. सुरेखाच्या दारापर्यंत सावली आली होती. त्यांनी घाईघाईनं समोर फक्की टाकली, तशी ती बाजूला वळली आणि शाळेच्या पायऱ्यांकडे निघाली. आत सगळं गाव बसलेलं. काकींनी ती फक्की पायानं पुसून टाकली. सावली परत सुरेखाच्या भिंतीवर चढली.

आप्पासोपाशी थांबलेली सुरेखा दारात आली.

"सुरेखा, आज हितं झोपू नगंस."

"आवं काकी, रेघ तर ओढ्याकडं असंल की."

"मी वळवली. पोरीसाठी."

सुरेखानं त्यांच्या फक्कीनं पांढऱ्या झालेल्या हातांकडे बघितलं. मग हळू आवाजात म्हणाली, "आमच्या टायमाला सावली आली म्हणून तुमी रेघ मारली, का तुमी रेघ मारली म्हणून सावली आली?"

आजवर काकींना वाटत होतं, हे आपल्याला माहीत आहे. त्या वर्षीची संध्याकाळ त्यांनी आठवून पाहिली. फक्की आठवली, आप्पासोचं हसणं आठवलं. आधी काय आलं ते काही केल्या आठवेना.

सुरेखा आत गेली, आप्पासोच्या खाटेचं एक अंग उचलून म्हणाली, "धरा तिकडनं."

दोघी रिकाम्या रस्त्यानं निघाल्या. दर काही पावलांवर खाट टेकवायची, पुन्हा उचलायची. कुठं जायचं ते सुरेखानं ठरवलं होतं, आणि काकी नको म्हणू शकल्या नाहीत. क्रांतीनं दार उघडलं. कोऱ्या फरशीवर, मधोमध, त्यांनी आप्पासोला ठेवलं. सुरेखानं त्याच्या अंगावरची चादर सारखी केली आणि खाटेशेजारी भुईवर आडवी झाली.

काकी खिडकीशी उभ्या राहिल्या. बाहेर सावली रेघेला टेकून थांबली होती.