चित्रातली काळी खिडकी

काल माझी नात मीरा टीव्हीवर कार्टून बघत होती, आणि डाळ निवडता निवडता मी थबकलेच. अहो, ते उतरत्या छपराचं घर, तो पिवळा उजेड, सगळं माझ्या ओळखीचं! लहानपणी रद्दीतल्या अमेरिकन मासिकाचं एक पान आईने फडताळात अंथरलं होतं, त्यावर असंच घर होतं. त्या जुन्या चित्रांवरूनच हे कार्टूनवाले काढत असणार. आता ते हलतं, बोलतं, एवढंच. आत जेवणाच्या टेबलामागची, रात्रीच्या अंधाराची काळी खिडकीसुद्धा तशीच. तेव्हा मला वाटायचं, तिच्यातून कुणीतरी आत बघतंय.

संध्याकाळी मीराने ‘आपलं घर’ काढलं. तेच छप्पर, टेबलाशी आई, बाबा, ती आणि आमच्याकडे कधी नव्हताच असा एक कुत्रा.

“आणि मी कुठंय गं?”

तिने काळ्या खिडकीवर बोट ठेवलं. “तू बाहेर आहेस, आजी. आत बघतेयस.”