'ॲरोमॅटिक', शास्त्रीय अर्थाने

सरांनी खिशातून रुमाल काढला, नाकाला लावला आणि म्हणाले, "ॲरोमॅटिकचं उदाहरण द्यायला आज फळ्यावर काही काढायची गरज नाही. आपल्या वर्गातच आहे. तिसऱ्या बाकावर."

तिसऱ्या बाकावर मी होते. माझ्या शेजारी शबाना.

आधी एक जण हसला. मग सगळा वर्ग. एमएस्सीचा वर्ग. सगळी पदवीधर पोरं. मागून कुणीतरी खोटं खोकलं. पुढच्या बाकावरच्या मुलीने ओढणी नाकावर घेतली आणि वळून माझ्याकडे बघितलं. तिच्या डोळ्यांत राग नव्हता, द्वेष नव्हता. मजा होती. शबाना हसली नाही. तिने मान खाली घातली.

मी हसले.

हो, मीही हसले. ओठ आपोआप तसे झाले. त्या हसण्याची चव अजून जिभेवर येते. उलटी गिळल्यासारखी.

सरांनी रुमाल घडी करून ठेवला आणि शिकवायला लागले.

आदल्या दिवशी कॉलेजच्या फाटकासमोरचं ड्रेनेज तुंबलं होतं. काळं पाणी वर येऊन पार स्टँडवर लावलेल्या गाड्यांच्या चाकांपर्यंत आलेलं. ठेकेदाराची माणसं आली. लेक्चर संपवून मी बाहेर पडले तर झाकण उघडं होतं आणि त्यातून एक डोकं वर येत होतं. केसांवरून घाण गळत होती. ते माझे आप्पा होते.

हेच माझं कॉलेज, हे आप्पांना माहीत नव्हतं. कुठली गल्ली, कुठलं झाकण, हे मुकादम सकाळी सांगतो. टेम्पोत बसायचं, सांगेल तिथं उतरायचं. माणसाला गटारात उतरवू नये असा कायदा आहे. ठेकेदाराला तो ठाऊक आहे, मुकादमालाही. म्हणून ते फोटो काढू देत नाहीत.

आप्पांनी मला पाहिलं आणि तोंड फिरवलं. माझ्यासाठी. पोरीची ओळख निघू नये म्हणून. मी पिशवीतली पाण्याची बाटली काढली, पुढे गेले आणि त्यांच्या हातात दिली. त्यांनी आधी चूळ भरली, मग डोळे धुतले. म्हणाले, "जा तू. बस चुकंल."

मी वळले. फाटकात सर उभे होते. स्कूटर बाहेर काढायची होती, वाट बघत थांबले होते. नाकाला रुमाल. त्यांनी माझ्याकडे बघितलं, आप्पांकडे बघितलं, परत माझ्याकडे. माझं आडनाव त्यांना पहिल्या दिवसापासून माहीत होतं. आता त्याला वास चिकटला.

तेवढं पुरलं त्यांना. दुसऱ्या दिवशी वर्गात विनोद तयार होता.

ॲरोमॅटिक हा शब्द मला आवडायचा. तो मला कसा भेटला ते सांगितल्याशिवाय पुढचं कळणार नाही.

दहावीपर्यंत मी हडपसरला मराठी शाळेत शिकले. अकरावीला सायन्स घेतलं आणि सगळं एकदम इंग्रजीत आलं. ऑरगॅनिकच्या पुस्तकात ॲरोमॅटिक हा शब्द दिसला. डिक्शनरीत पाहिला. सुगंधी. मला वाटलं, आता फुलांची, उदबत्तीची केमिस्ट्री येणार. पुढच्या पानावर डांबराच्या गोळ्या निघाल्या.

आमच्या तिथल्या बाईंनी मग नीट सांगितलं. पूर्वी डिंक, राळ, बदामाचं तेल असल्या वासाच्या वस्तूंतून काही पदार्थ निघाले. त्यांना सुगंधी म्हणून नाव पडलं. नंतर त्याच कुळातले दुसरे सापडले, त्यातल्या कित्येकांना घाण वास, काहींना वासच नाही. मग शास्त्रज्ञांनी शोधलं, की या सगळ्यांत सारखं काय आहे. सारखं होतं ते वलय. अणूंचं सपाट कडं, आणि त्या कड्यावर कुणा एकाचे न राहता सगळीकडे फिरणारे ठरावीक इलेक्ट्रॉन. म्हणून ते कडं सहसा मोडत नाही. अर्थ बदलला, नाव तेच राहिलं. बाई म्हणाल्या होत्या, आता केमिस्ट ॲरोमॅटिक म्हणतो तेव्हा त्याच्या मनात वास नसतोच.

मला हे फार भारी वाटलं होतं. ज्या वस्तीतून मी येते तिथे वास हाच माणसाचा पत्ता असतो. आणि इथे एक शब्द वासातून सुटून बाहेर पडला होता. मी ऑरगॅनिक घेतलं ते त्या दिवशीच.

शबाना एमएस्सीला भेटली. तिच्या वडिलांचं भवानी पेठेत अत्तराचं दुकान, आजोबांच्या आधीपासूनचं. बेंझीन, म्हणजे या कुळातलं सगळ्यात साधं कडं, त्याचं नाव लोबानाच्या अरबी नावापासून फिरत फिरत आलंय, हे तिनेच मला सांगितलं. आम्ही दोघी एका टेबलावर काम करायचो. प्रोजेक्टला सरच गाईड होते. मला त्यांनी इंडोल दिलं. देताना म्हणाले होते, "तुम्हाला हे सोपं जाईल." मी खूश झाले. मला वाटलं, हुशारी ओळखली.

इंडोल हेही ॲरोमॅटिकच. पांढरट खपल्या असतात. मोगऱ्यात असतं, अगदी थोडं. आणि माणसाच्या विष्ठेत असतं. बाटली उघडली की संडासाचा वास येतो. सरांची पीएचडी इंडोलवर. पंचवीसेक पेपर इंडोलवर. ते ती बाटली रुमालाशिवाय उघडायचे. एकदा तर नाकाजवळ नेऊन म्हणाले होते, "आहा. हा माझ्या करिअरचा वास." सगळे कौतुकाने हसले होते.

त्या 'सोपं जाईल'चा अर्थ मला रुमाल पाहिल्यावर कळला.

पुढचे काही दिवस मी काय केलं ते सांगायला लाज वाटत नाही, किळस वाटते. मी अंग घासलं. आई धुण्याला आणते तो साबण अंगाला लावला. मानेची कातडी सोलली. बसमधून उतरल्यावर डिओ मारायचा, लॅबच्या बाहेर परत. शेवटी त्या डिओच्या वासानेच मला मळमळायला लागलं. वर्गात माझं नाव पडलं होतं. ॲरो. 'ए ॲरो, नोट्स दे.' 'ॲरो आली, खिडकी उघड.' प्रेमाने म्हणायचे. प्रेमाने! एकदा माझ्या टेबलावर कुणीतरी रूम फ्रेशनरचा डबा ठेवला आणि त्यावर बेंझीनचं कडं काढलं. रेखीव षट्कोन. आत गोल.

तो डबा घेऊन मी विभागप्रमुख मॅडमकडे गेले. शबानाही आली. मी तिला ये म्हटलं नव्हतं.

मॅडमनी डबा टेबलावरून बाजूला ठेवायला सांगितलं. मग सगळं ऐकून घेतलं. आवाज गोड.

"हे बघ बाळा, ॲरोमॅटिक ही टेक्निकल टर्म आहे. सर ऑरगॅनिकचे. ते ऑरगॅनिकचेच शब्द वापरणार. त्यांनी तो शास्त्रीय अर्थाने वापरला. तू मनाला लावून घेतलंस."

मी म्हटलं, माझा बाक सांगून वापरला.

"जात काढली का कुणी?"

नव्हती काढली. कुणीच, कधीच काढली नव्हती. पुण्यात जात काढत नाहीत. आडनाव विचारतात, मग कुठे राहता विचारतात, मग वडील काय करतात विचारतात, आणि शेवटी रुमाल काढतात.

शबाना मध्ये बोलली. म्हणाली, मॅडम, मी शेजारी होते, सर नाक धरून बोलले. मॅडमनी तिला विचारलं, तुझ्याबद्दल कुणी काही बोललं का? ती नाही म्हणाली. "मग तू यात पडू नकोस."

मग तोडगा निघाला. मॅडमनीच काढला. सरांना त्या समजावतील, डब्याचं प्रकरण वाढवायचं नाही. मी फक्त उद्या वर्गात उभं राहून सांगायचं, की माझा गैरसमज झाला होता. दोन वाक्यं. विषय संपला. प्रोजेक्टवर सरांचीच सही लागते, हे त्या बोलल्या नाहीत. फक्त म्हणाल्या, "शेवटचं सेमिस्टर आहे ना?"

घरी मी आप्पांना सगळं सांगितलं. ते बाहेरच्या नळावर आंघोळ करून आले होते. ते कामावरून थेट घरात कधीच येत नाहीत. आधी नळ, मग उंबरा. आईने त्यांच्यासमोर ताट ठेवलं आणि तशीच उभी राहिली.

आप्पांनी भाकरी मोडली. मग म्हणाले, "म्हण गैरसमज झाला. तोंडानं म्हणायला काय जातंय? आपलं काम हाय म्हणून वास हाय. ते खोटं न्हाई. कागद हातात पडू दे, मग काय बोलायचं ते बोल."

आई म्हणाली, "कागद पडल्यावर कोण बोलतंय?"

तेवढंच बोलून ती आत गेली. आप्पांनी घास खाली ठेवला.

मी झोपले नाही असं काही झालं नाही. झोपले. सकाळी उठले तेव्हा डोकं गार होतं. डिओ पिशवीतून काढून कचऱ्यात टाकला. साधी आंघोळ केली आणि बस धरली.

वर्गात सर आले. मॅडम दारात उभ्या होत्या, हात बांधून, मीटिंगला आल्यासारख्या. सर म्हणाले, "बोला, आपल्याला काही सांगायचंय म्हणे." मी उभी राहिले.

मी म्हटलं, "सर, तुम्ही मला ॲरोमॅटिक म्हणालात ते शास्त्रीय अर्थाने, असं मॅडमचं म्हणणं आहे. शास्त्रीय अर्थात वास नसतो. मग नाकाला रुमाल का लावला होता?"

कुणी हसलं नाही.

"बसा खाली."

"बसते. उत्तर द्या."

सर फळ्याकडे वळले आणि तारीख लिहायला लागले. त्यांचे कान लाल झाले होते. मी त्यांच्या पाठीकडे बघून पुढचं बोलले. म्हटलं, इंडोलला विष्ठेचा वास येतो, तो तुम्ही छाती भरून घेता. म्हणजे तुम्हाला वासाची किळस नाही. माझ्या बापाची किळस आहे. गैरसमज माझा नाही झालेला. मला बरोबर समजलंय.

मॅडम दारातून म्हणाल्या, "पुरे आता." मी पिशवी उचलली आणि त्यांच्या शेजारून बाहेर आले. माझ्या मागे कुणी आलं नाही. शबानाही नाही. तिच्यावर माझा राग नव्हता. तिने केबिनमध्ये जे बोलायचं ते बोलून झालं होतं, आणि त्याची किंमत तिला नंतर अंतर्गत मार्कांत मोजावी लागलीच.

कुणी माफी मागितली नाही. सरांनी माझा प्रोजेक्ट सोडला. दुसऱ्या एका तात्पुरत्या मॅडमनी सही केली, पण काम अर्ध्यावरून बदलावं लागलं आणि अंतर्गत मार्क इतके कमी पडले की पहिला वर्ग गेला. सर अजून तिथेच आहेत. अजून तेच प्रकरण शिकवत असतील. वर्गातले काही जण आता फोनवर मैत्रीच्या रिक्वेस्ट पाठवतात. 'हाय ॲरो, लाँग टाइम.' मी पुसून टाकते.

मी आता लोणी काळभोरच्या पुढे एका कारखान्याच्या लॅबमध्ये केमिस्ट आहे. इंटरव्ह्यूत वडील काय करतात विचारलं. मी सांगितलं, गटारात उतरतात. समोरच्या साहेबांनी पेन खाली ठेवलं. मी त्यांच्या डोळ्यांत बघत राहिले. शेवटी त्यांनीच नजर वळवली.

पण मी ज्यासाठी लिहायला बसले ते हे नाही.

वर्गात बोलून आले तेव्हा मला वाटलं होतं, मी लढले. काही महिने मी त्या तोऱ्यात होते. आणि त्या सगळ्या महिन्यांत आप्पा सकाळी टेम्पोत बसून जात होते. मी एका शब्दासाठी भांडले, आणि तिकडे माझा बाप कमरेला दोर बांधून त्याच घाणीत उतरत होता. ज्या गॅसने तिथे माणसं मरतात त्याचं सूत्र मला पाठ आहे. त्याचा आधी कुजक्या अंड्यासारखा वास येतो, आणि तो जास्त झाला की नाक बधिर होतं, वास यायचाच थांबतो. मग माणूस पडतो. हे मला बीएस्सीच्या दुसऱ्या वर्षापासून माहीत होतं. आप्पांना त्याच्याही आधीपासून. त्यांच्या सोबतचा एक जण तसाच गेला. ठेकेदाराने फिट आली म्हणून सांगितलं.

किळस या सगळ्याची येते. रुमालाची कमी, याची जास्त. शहर खातं, हगतं, झाकण लावतं, आणि ते झाकण उघडायला आमच्या घरात माणूस शोधतं. मग त्याला वास येतो म्हणतं.

परवा मी आप्पांना सांगितलं, उद्यापासून तुम्ही आत उतरायचं नाही. वर उभं राहून जे काम असेल ते करा. ते म्हणाले, मुकादम काढून टाकेल. मी म्हटलं, काढू दे. ते म्हणाले, मी नाही उतरलो तर दुसरा उतरेल, रांग लागलीय.

मी म्हटलं, "त्यालाही उतरू देणार नाही. मी झाकणावर उभी राहीन."

आप्पांनी माझ्याकडे पाहिलं. हो म्हणाले नाहीत. नाही पण म्हणाले नाहीत.

सोमवारी मी रजा टाकली आहे. टेम्पोत त्यांच्या शेजारी बसणार आहे. मुकादम सांगेल त्या गल्लीत, सांगेल त्या झाकणावर पाय रोवून उभी राहणार आहे. गाळ उपसायचं मशीन येईपर्यंत घाण वर येऊ दे. रस्त्यावर येऊ दे, फाटकातून आत जाऊ दे, जिन्यापर्यंत जाऊ दे. ज्याची आहे त्याच्या दारात जाऊ दे.

माणूस आत जाणार नाही.