कुरकुऱ्या दगड आणि ओरिए

आमच्या इसोमी गावाला तीन बाजूंनी समुद्र आहे. गावात कुठेही उभं राहा, लाटांचा आवाज ऐकू येतो, आणि तो नाही आला तर ओरिएचा येतो. तिचं घर माझ्या टोफूच्या दुकानाला लागून. मधली भिंत लाकडी फळ्यांची, त्यामुळे तिच्या घरातलं मला काही विचारावं लागत नाही.

ओरिए पाणबुडी बाई. आईच्या मागोमाग सोळाव्या वर्षी समुद्रात उतरली, ती साठी उलटेपर्यंत शिंपले काढत राहिली. तिचा दम इतका मोठा की ती खाली गेली की नावेतल्या बायका गप्पांचा नवा विषय काढायच्या. पुढे कानांनी दगा दिला, डॉक्टरांनी बुडी बंद करायला सांगितली. मग तिने सासऱ्यांच्या घराच्या दोन खोल्या पाहुण्यांना द्यायला सुरुवात केली. डाव्या कानाने तिला जवळजवळ काही ऐकू येत नाही. जेवताना नवरा कायम त्या बाजूला बसेल, अशी व्यवस्था तिने केली आहे.

नवरा तोकुजिरो. मासळी सोसायटीतून निवृत्त झालेला, नाकाच्या डाव्या बाजूला चणाडाळीएवढा चामखीळ, आणि रोज सकाळी मिसोच्या, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनच्या, सूपची वाटी तोंडाला लावली की एकच सूर. आज खारट आहे. आज पाणचट आहे. शेवाळाचे तुकडे एवढे मोठे कापतात का, मी काय देवमासा आहे? चाळीस-बेचाळीस वर्षं हे चाललेलं. त्याचा सूर ऐकला की मी दुकानाची फळी उघडायची.

त्या वर्षी मे महिन्यात नॉर्वेहून ब्रिटा नावाची बाई आली. चित्रं काढायची आणि पुस्तकं लिहायची. जपानी बोलायची अगदी रेडिओवरच्या बातम्यांसारखं, त्यामुळे तिने मीठ मागितलं तरी आपण सावरून बसायचो. तिला नव्या पुस्तकासाठी आमचा किनारा हवा होता, धुक्यातला. धुकं काही येईना. रोज लख्ख ऊन, आणि खिडकीखाली सोसायटीचा पंप घरघरतोय. बिचारी शाईची वाटी पुढे घेऊन बसायची आणि कोरा कागद तसाच गुंडाळून ठेवायची.

एका सकाळी तिने विचारलं, "ओरिए-सान, या गावाची एखादी जुनी दंतकथा आहे का?"

आता आमच्या गावात सांगण्यासारखी एकच गोष्ट घडलेली. एक कर-अधिकारी स्क्विड वाळवायच्या मांडवावर पडला होता, ती. पण पाहुणीला रिकाम्या हाती कसं पाठवायचं? पलीकडच्या खोलीत तोकुजिरोचं सूपपुराण सुरू होतं. समोर किनाऱ्यावर एक वेडावाकडा खडक आहे, आम्ही त्याला बेडूक म्हणायचो. ओरिएने त्याच्याकडे पाहिलं आणि घसा साफ केला.

"आहे ना. फार जुनी. एक पाणबुडी बाई होती. नवरा रोज तिच्या सूपला नावं ठेवायचा. एकदा ती बुडी मारून तळाशी गेली, तर तिथे काय शांतता! तिला इतकं बरं वाटलं की ती वर आलीच नाही. नवरा किनाऱ्यावर बसला. वाट बघत नव्हता हं, कुरकुरत होता. कुरकुरता कुरकुरता दगड झाला. बघा, तोंड अजून उघडंच आहे."

"मग?" ब्रिटाची लेखणी धावायला लागली होती.

"मग काय. गावातल्या बायका त्याच्या तोंडात वाटीभर सूप ओततात. म्हणजे आपल्या घरातला वर्षभर गप्प राहतो."

फळ्यांपलीकडे मी टोफू कापत होते. हसू दाबताना एक अख्खा ठोकळा वाया गेला.

पुढच्या हिवाळ्यात पुस्तक आलं. पहिल्याच पानावर काळ्या शाईतला आमचा बेडूक, भोवती ते न आलेलं धुकं. सुंदर चित्र होतं, खोटं कशाला बोलू. तोकुजिरोने चष्मा लावून ते बराच वेळ न्याहाळलं.

"या दगडाच्या नाकावर चामखीळ कशाला?"

"मला काय ठाऊक? चित्रकार माणसं काहीही काढतात."

"डाव्या बाजूला आहे."

"अहो, दगडाला डावं-उजवं कुठलं?" असं म्हणून ओरिए भांडी घासायला गेली.

पुस्तक जपानीतही निघालं आणि वसंतात पहिलं जोडपं ओसाकाहून उतरलं. बाईने थर्मासमधून सूप काढून दगडाच्या तोंडात ओतलं, आणि नवरा तिच्यावर छत्री धरून उभा. त्यानंतर रीघ लागली. सुना आल्या, सासवा आल्या, एकदा तर बँकेतल्या बायकांची बसच आली. गावातली सगळी मांजरं दगडापाशी राहायला गेली. कावळे एवढे माजले की माशांकडे बघेनात. सोसायटीने पाटी लावली, 'सूपमध्ये शिंपले घालू नयेत, पायाला कवचं लागतात.' आणि मी दुकानाबाहेर गरम सूप ठेवायला लागले, टोफू घालून. दंतकथा कुणाचीही असो, सूप ताजं हवं.

फक्त तोकुजिरो बिथरला. कुणीतरी त्याला दगडाशेजारी उभं करून फोटो काढला आणि म्हणालं, "अगदी हुबेहूब." त्या दिवसापासून त्याने तोंडच मिटलं. सकाळी वाटी उचलायची, पिऊन खाली ठेवायची, की बाहेर. बायका म्हणाल्या, बघा, दगड पावला.

पहिला आठवडा ओरिए मजेत होती. मग एक दिवस माझ्याकडे आली आणि पिंपावर बसली.

"आज मी सूपमध्ये दुप्पट मिसो घातला," ती म्हणाली. "प्यायला."

"मग उद्या कमी घाल."

"काल साखर घातली होती गं. तीही प्यायला." ती हातातल्या फडक्याला पीळ घालत राहिली. "डावा कान त्याच्याकडे असायचा, तरी आवाज यायचा. आता उजवा करून बसते, तर काही नाही."

मी तिला चहा दिला. दुसरं काय देणार?

त्याच महिन्यात गावाची सभा भरली. दगडाचा उत्सव करायचा, मिरवणूक काढायची, असं ठरत होतं. ओरिए उठून उभी राहिली. "उत्सव कसला करता? ही गोष्ट मी रचली," ती म्हणाली. "नवऱ्याला चिडवायला रचली. जुनी-बिनी काही नाही. त्याचं मन दुखावलं. चूक माझी आहे."

तोकुजिरो मागच्या रांगेत बसला होता, त्याने मानही वर केली नाही. मग पुढून हिसानो आजी बोलल्या. गावातल्या सगळ्यांत म्हाताऱ्या.

"ओरिए-सान, गावात सगळं तुझ्यापासूनच सुरू झालं असं समजतेस की काय? माझी आजी त्या दगडाला सूप घालायची. मी तिचं बोट धरून जायचे."

"आजी, अहो, मी स्वतः रचली—"

"खोटं बोलू नकोस. या वयात शोभत नाही."

लोकांनी माना डोलावल्या. अध्यक्ष हळूच म्हणाले, "वय झालं की असं होतं, ओरिए-सान. बसा." जन्मात पहिल्यांदा ती खरं बोलत होती आणि एकालाही पटत नव्हतं. तिचं तोंड त्या दगडासारखं उघडं राहिलं.

तेवढ्यात मागून आवाज आला.

"हिसानो आजींच्या घरचं सूप?" तोकुजिरो उभा राहिला होता. "ते दगडाला घातलं असेल, तर दगड आधी जिवंत असणार. त्या सूपनेच गेला." क्षणभर कुणाला कळेना हसावं की नाही. मग हिसानो आजीच आधी हसल्या, आणि मागोमाग सगळी सभा. तोकुजिरो मात्र बायकोकडे वळला. "आणि तू. सूपमध्ये साखर? माणूस आहेस की कोण?"

"लक्षात आलं होतं तर बोलला का नाहीत?"

"चिडलो होतो."

तिथून घरापर्यंत तो बोलत होता. ओरिए त्याच्या डावीकडून चालली होती, चांगला कान त्याच्याकडे करून.

आता रविवारी तोकुजिरो दगडापाशी स्टूल टाकून बसतो. बायका सूप ओतण्याआधी त्याला चाखायला देतात. "यात मासा उकळला आहे की नुसता दाखवला आहे?" असं काहीतरी तो म्हणतो, बायका खूश होतात आणि पुढच्या वेळी चांगलं करून आणतात.

शरद ऋतूत ब्रिटा पुन्हा आली. ओरिएने तिला बसवून सगळं खरं सांगितलं.

"मला माहीत होतं," ब्रिटा तिच्या बातम्यांच्या जपानीत म्हणाली. "तुमची गोष्ट चालू असताना पलीकडून तीच वाक्यं ऐकू येत होती. मी दोन्हीकडचं उतरवून घेत होते." मग तिने नवी वही उघडली. "दुसरी एखादी आहे का?"

ओरिए म्हणाली, आता शपथ घेतली आहे.

पलीकडच्या खोलीत वाटी ठेवल्याचा आवाज झाला. "माझ्याकडे आहे एक," तोकुजिरो दार सरकवत म्हणाला. "फार जुनी. एक पाणबुडी बाई होती. तिला एका कानाने ऐकू येत नाही, असं ती सांगायची."