माहेरी गेलेली बायको

तळेगाव ढमढेऱ्याच्या एसटी स्टँडवर आप्पा रोज सकाळी काहीतरी लिहीत बसलेले असायचे. गावच्या जत्रेचं नाटक दरवर्षी त्यांचंच. गावात बाईचं काम करायला कुणी मिळायचं नाही, म्हणून त्यांच्या नाटकातली बायको कायम माहेरी गेलेली. "आप्पा, तिला आता सासरी आणा," अशी मी थट्टा करायचो.

त्या वर्षी गावानं पुण्याहून नटी ठरवली आणि आप्पांचं लिखाणच अडलं.

"मास्तर, तुमी घरी गेल्याव मंडळी पयलं काय बोलत्यात?"

"'आज उशीर झाला?' म्हणते."

"आमच्या दाराचं कुलूप मीच काढतो. मला कसं सुचावं?"

मग "आज उशीर झाला?" असं ते स्वतःशीच हळूच म्हणाले. पुन्हा एकदा म्हणाले. लिहायचं मात्र राहूनच गेलं.